सत्कारात फुटलेली सुपारी

जालना जिल्हा नवानवा झाला होता. नव्या जिल्ह्याला मिरवायला काहीतरी हवं होतं, आणि आम्ही पोरींनी राज्याच्या व्हॉलीबॉल स्पर्धेत पहिला नंबर काढून ते आयतं हातात दिलं. मी कर्णधार, स्मॅश मारण्यात माझा हात धरणारं कुणी नव्हतं. वाटूरची पोरगी हाफपँट घालून खेळते म्हणून ज्यांनी माझ्या वडिलांशी बोलणं टाकलं होतं, तेच आता आमच्या दारात येऊन तोंडभर कौतुक करू लागले. मला आनंद झाला नाही असं सांगायला आवडलं असतं. पण झाला, चांगली हुरळून गेले.

मारुतीच्या पारावर सत्कार ठरला. ट्रॅकसूट चालणार नाही, साडीच नेस, असं आईनं बजावलं. प्रमुख पाहुणे भोकरदनकडचे, केदारखेड्याजवळचे मोठे बागायतदार. त्यांनी माझ्या अंगावर शाल घातली, मला खालून वर न्याहाळलं आणि भाषणात म्हणाले, "अशी पोरगी आमच्या घरात पायजे." लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही हसले, मूर्खासारखी.

आमच्याकडे चार माणसांत सुपारी फुटली की सोयरीक पक्की. मग ती मोडणं म्हणजे घराण्याचं नाक कापणं. सत्कारानंतर पाहुणे आमच्या घरी जेवायला आले. ओसरीवर अख्खं गाव बसलेलं, पानाचं तबक समोर, नारळ तर माझ्याच सत्काराचा. मी आत पोळ्यांना तूप लावत होते तेव्हा बाहेर सुपारी फुटली. "एका खर्चात दोन कामं झाली," असं चुलते हसत हसत आईला सांगून गेले. नवरा मुलगा, त्या बागायतदारांचा लेक, तिथं हजरही नव्हता, पण त्याची कुणाला अडचण वाटली नाही.

पुढच्याच महिन्यात देशाच्या संघासाठी शिबिर होतं. माझी निवड झाली होती आणि लग्नाची तिथी नेमकी त्याच दिवसांत धरलेली. मी वडिलांपुढे उभी राहिले. "बापू, मी लग्नाला न्हाई म्हणून नै राह्यले. फक्त शिबिर होऊ द्या, मंग तुम्ही म्हणाल तवा."

"बघू," ते म्हणाले. "तुझे सर येऊन राह्यले उद्या. त्यांच्याशी बोलतो."

त्या 'बघू'वर मी रात्र काढली. सकाळच्या एसटीनं आमच्या संघाचे प्रशिक्षक सर जालन्याहून आले. सुपारी फुटलेल्या पोरीनं ओसरीवर यायचं नसतं, म्हणून मी चुलीपाशी चहा गाळत बसले. बाहेरचं बोलणं नीट ऐकू येत नव्हतं. कपबश्या रिकाम्या होऊन आत आल्या आणि सर गेले. मला हाकही मारली नाही. मैदानावर माझ्या नावानं घसा फोडणारा माणूस माझ्या घरी येऊन, माझ्यासाठी भांडण न करता चहा पिऊन गेला, याचा मला इतका संताप आला की ते लग्नाला आले तेव्हा मी त्यांच्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

सासऱ्यांना चॅम्पियन सून हवी होती, खेळणारी नको होती. घरी कुणी आलं की मला बोलावून दाखवायचे, "आमची सून महाराष्ट्रात पयली." नवी मोटर दाखवावी तसं. मी पदर सावरत चहाचा ट्रे ठेवायची आणि पाहुणे म्हणायचे, "उंच हाये बराबर." पुढं कधी चेंडूला हात लागला नाही.

शिबिराला माझ्या जागी आमच्याच संघातली मुलगी गेली. ती देशाकडून खेळली, नोकरीला लागली. दोन हजार साल उलटल्यावर आमच्या भागातल्या एका शाळेनं मैदानाच्या उद्घाटनाला तिला बोलावलं. मुख्याध्यापक आमच्या घरी आले. "वहिनी, तुम्ही बी खेळाडू व्हत्या. मंग पाहुण्यांना ओवाळायला तुम्हीच या." ओवाळायला जायचं म्हटल्यावर घरातून कुणी अडवलं नाही.

मी कुंकू लावायला हात उचलला तर तिनं मला मिठीच मारली. मला तिचा राग नव्हता. ती कानाशी म्हणाली, "तू असं का केलंस गं? सर अजून हळहळतात. म्हणतात, मी तिच्या दारापर्यंत गेलो, लग्न थांबवा म्हणून हात जोडले. तर वडील म्हणाले, पोरीलाच आता खेळायचं न्हाई, तिला लाज वाटती, तुमच्यासमोर यायला पण तयार न्हाई."

फोटोवाला आम्हाला हसायला सांगत होता. वडील वारून तेव्हा चार वर्षं झाली होती. ते गेले तेव्हा मी ऊर बडवून रडले होते. ते रडणं मला परत घ्यायचं होतं.