मोरपिसाचं विद्यापीठ

बाप गेल्यावर आई अकोल्याच्या जिनात, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्यात, कापूस निवडायची. मी मॅट्रिकला इतिहासात नापास झालो, तेव्हा मलाही जिनातच लावायचं ठरत होतं. शेवटचा उपाय म्हणून ती मला जुन्या शहरातल्या ‘स्मरणसिद्धी विद्यापीठा’त घेऊन गेली. विद्यापीठ म्हणजे तेलाच्या दुकानावरची एक खोली, आणि कुलगुरू, प्राध्यापक, शिपाई सगळा तो एकच माणूस. डोक्यावर मोरपीस फिरवून तो म्हणे स्मृतीचं कुलूप उघडायचा. मी कोणत्या विषयात नापास झालो, हे मात्र त्यानं मला तीनदा विचारलं.

मग आडनाव विचारलं. ते ऐकताच मोरपीस हवेतच थांबलं. डोळे मिटून तो म्हणाला, “बाई, स्मरण रक्तात असावं लागतं. तुमच्या सात पिढ्यांत पाठांतर कोणी केलं?”

आई उठली. “काहून नाई, गुरुजी? तुमच्या विहिरीवर आमाले काय काय आयकवलं, ते साती पिढ्यांले तोंडपाठ हाये.”

त्यानं मोरपीस गादीखाली सारलं. इतका भिकार कुलगुरू मी पुन्हा पाहिला नाही.

त्या वर्षी मी घोकून पास झालो आणि पुढे अमरावतीच्या कॉलेजातून बी.ए. झालो. आमच्या घरातला पहिला. विषय इतिहास.