टीव्हीवाली रान्नवेग

रान्नवेग पश्चिमेकडच्या खाडीकाठची. बाप बोटीवर, आई मासे साफ करण्याच्या कारखान्यात, आणि पोर जन्माची बडबडी. दुकानात मीठ आणायला पाठवली तर मीठ विसरायची, पण दुकानदारणीचं सुनेशी काय बिनसलंय ते सगळं घरी घेऊन यायची.

"बोलण्याचा पगार मिळाला तरच हिचं काही खरं आहे," आई म्हणायची.

तो मिळाला. देशभर दर गुरुवारी टीव्हीला सुट्टी असायची त्या काळात रान्नवेग राजधानीतल्या, रेक्याविकच्या टीव्ही केंद्रात लागली आणि दूरदूरच्या शेतांवरच्या माणसांना भेटण्याचा कार्यक्रम करू लागली. सुरुवातीला प्रश्न एवढे विचारायची की समोरच्याला तोंड उघडायला फुरसत मिळत नसे. एकदा एका खेड्याच्या नावाची विभक्ती चुकली, तर संध्याकाळभर फोन वाजत राहिला. पहिला फोन तिच्या शाळेतल्या बाईंचा होता.

एका शरदात, मेंढ्या डोंगरावरून खाली आल्यावर, ती कॅमेरावाल्या एइविंडुरला घेऊन आईच्या मामेभावंडांकडे गेली. स्वानबोर्गमावशी आणि थॉरलाकुरमामा, दोघंही बिनलग्नाची, एकाच शेतावर राहत. मामानं मावशीची लाडकी घोडी तिला न विचारता विकली, तेव्हापासून दोघं एकमेकांशी बोलत नव्हती. आईनं बजावलं होतं, "जातेस तर जा, पण त्यांच्या मध्ये पडू नकोस."

रान्नवेग नेमकी मधल्या खुर्चीवर बसली. मावशीनं कॉफी ओतली, पातळ गोड धिरडी मांडली.

"त्याला सांग, कॉफी गार होतेय."

मामा हाताच्या अंतरावर होता. तरी रान्नवेगनं निरोप पोचवला.

"तिला सांग, मला गारच आवडते."

"कधीपासून?" मावशीनं भिंतीला विचारलं.

कॅमेऱ्यामागे एइविंडुरचे खांदे हलत होते. रान्नवेगलाही हसू आवरेना, आणि त्या भरात तिच्या तोंडून निघून गेलं, "मामा, घोडी विकलीत तरी का?"

मामानं खिडकीकडे तोंड वळवलं.

"त्या हिवाळ्यात चारा संपत आला होता. घोडी ठेवली असती तर मेंढ्या मेल्या असत्या. हिला विचारलं असतं तर नाहीच म्हणाली असती."

मावशीनं किटली खाली ठेवली. "हो म्हटलं असतं मी," ती थेट त्याच्याकडे बघून म्हणाली. "रडले असते. पण हो म्हटलं असतं."

"मला नाही तसं वाटलं."

"विचारल्याशिवाय कसं वाटेल, थॉरलाकुर?"

इतक्या दिवसांनी तिच्या तोंडून आपलं नाव ऐकताच मामाचा चेहरा आक्रसला. त्यानं धिरड्याचा तुकडा मोडला आणि तसाच हातात धरून ठेवला. रान्नवेगनं पुढचा प्रश्न तोंडातच ठेवला. तिनं एइविंडुरला थांबायची खूण करायला मान वळवली. त्यानं कॅमेरा कधीच बंद केला होता.

केंद्रात साहेब वैतागले. "जेवढं टिपलंय तेवढं तरी लाव. अख्खा देश रडेल."

"रडायला देशाकडे दुसरं काही नाही का?" रान्नवेग म्हणाली. कार्यक्रमाच्या त्या भागात फक्त मेंढ्या दिसल्या, आणि रस्ता कसा वाईट आहे ते मावशीनं सविस्तर सांगितलं. भावंडं त्यानंतर बोलू लागली ती बहुतेक भांडायलाच, पण बोलू लागली.

तिथून पुढे रान्नवेग प्रश्न कमी विचारू लागली आणि तिचा कार्यक्रम घरोघरी लाडका झाला. नोकरी संपल्यावर तिनं पुस्तकं लिहिली. पहिल्याच पुस्तकात ती दुपार लिहायची होती. मामा तोवर गेला होता, म्हणून ती मावशीला विचारायला गेली.

"लिही," मावशी म्हणाली. "फक्त तो दुष्ट होता असं कुणाला वाटता कामा नये."

नाताळच्या आधी पुस्तक आलं. मावशीच्या खोऱ्यातल्या सभागृहात रान्नवेगनं ते प्रकरण वाचलं. मामाच्या बोलण्यापाशी येताच ती हळू आवाजात वाचू लागली. पहिल्या रांगेतली मावशी पुढे वाकली.

"जरा मोठ्यानं वाच गं, पोरी. मागच्यांना ऐकू जात नाहीये."