फोल्केची बाजू

टेक्लाचं घर रस्त्याला इतकं खेटून होतं की बर्फ हटवणारी गाडी गेली की स्वयंपाकघराच्या काचेवर चिखल उडायचा. नॉर्वेच्या हद्दीवरून उतार उतरत आलं की स्वीडनमधलं पहिलं घर तिचं. रस्त्यापलीकडे, दाराला दार, वाल्बोर्गचं. दोघी एका शाळेत शिकल्या, एकाच उन्हाळ्यात लग्न करून इथं आल्या, आणि आता बारा वर्षं एकमेकींशी बोलत नव्हत्या.

टेक्लाचा नवरा फोल्के ट्रॉनहाइमहून ट्रकनं मासळी आणायचा. नॉर्वेत गाडी रस्त्याच्या उजवीकडून चालवायची आणि हद्द ओलांडली की स्वीडनची डावी बाजू धरायची. "झोपेतसुद्धा चुकायचा नाही मी," असं तो म्हणायचा. ऑक्टोबरातल्या एका संध्याकाळी चुकला.

टेक्ला बटाटे सोलत होती. फोल्केचा ट्रक नेहमी पलीकडच्या कडेनं यायचा. त्या दिवशी आवाज भिंतीलगत आला आणि दिव्यांचा झोत थेट चुलीवर पडला. आज इतक्या जवळून कसा, हे मनात येतंय तोवर धडक बसली. समोरून, आपल्या डाव्या बाजूनं, वाल्बोर्गचा नवरा एर्लांड दुधाची गाडी घेऊन चढत होता. दोघंही जागीच गेले. रस्ताभर दूध आणि हेरिंग मासळी. पुढं कितीतरी दिवस तिथले कावळे हलेनात.

दफनानंतर चर्चच्या खोलीत सगळे कॉफी प्यायला बसले होते, तेव्हा वाल्बोर्ग सर्वांसमोर म्हणाली, "तुझा झोपला, म्हणून माझा गेला." टेक्लानं कप खाली ठेवला आणि घरी निघून आली. तेव्हापासून अबोला.

एक मात्र बरं होतं. उतरणाऱ्या गाड्या पलीकडच्या कडेनं जायच्या. भिंतीलगत वरून येणारा तो आवाज तिला पुन्हा कधी ऐकावा लागला नाही.

मग सदुसष्ट साल आलं आणि सरकारनं ठरवलं की सगळ्या देशानं आता उजवीकडून गाड्या चालवायच्या. दुकानात काम करणारा पोरगा सिक्स्टन हातमोजे मोजताना हसून बोलून गेला, "टेक्लामावशी, आता अख्खा देश फोल्केकाकांच्या बाजूनं!" पोराचे कान लाल झाले. टेक्ला शांतपणे म्हणाली, "यीस्ट दे बाबा, आणि सुटे घे."

सप्टेंबरातल्या त्या रविवारी पहाटेच लोक थर्मास घेऊन रस्त्यावर जमले. होत्या तेवढ्या गाड्या थांबल्या, हळूहळू रस्ता ओलांडून दुसऱ्या कडेला गेल्या, पुन्हा थांबल्या, आणि इशारा होताच निघाल्या. टाळ्या पडल्या. टेक्ला खिडकीच्या आत उभी होती. दिवस वर आल्यावर नॉर्वेकडून पहिला ट्रक उतरला, भिंतीला घासल्यासारखा, आणि तिच्या हातातलं पातेलं खाली पडलं.

त्यानंतर रोज तेच. संध्याकाळी वरून गाडी आली की झोत चुलीवर पडायचा आणि खोलीत मासळीचा वास भरायचा. तो फोल्के नाही, हे डोक्याला कळत होतं, पण पाय दाराकडे धावायचे. दार उघडावं तर नुसता धूर, आणि दूर जाणारे लाल दिवे. तिनं पलंग मागच्या खोलीत नेला, तर आवाज जमिनीतून यायला लागला.

नोव्हेंबरात एका संध्याकाळी दारावर थाप पडली. बाहेर वाल्बोर्ग उभी होती. डोक्याला रुमाल नाही, पायात एर्लांडचे बूट.

"तुला झोप लागते का गं?" तिनं उंबऱ्यातूनच विचारलं.

"नाही."

"मलाही नाही. चढणाऱ्या गाड्या आधी तुझ्या बाजूनं जायच्या. चढताना माझ्या कुंपणाशी यायचा तो फक्त एर्लांड, घराकडे वळताना. आता सगळ्याच येतात. गिअर बदलल्याचं ऐकू येतं, मी उठते, आणि थांबत कुणीच नाही."

टेक्लानं तिला आत घेतलं, कॉफी उकळायला ठेवली. दोघी खिडकीशी बसल्या. वरून ट्रक आला, खालून मोटार आली. एक भिंतीकडून, एक कुंपणाकडून, मधे भरपूर रस्ता ठेवून दोन्ही निघून गेल्या.

"बघ," वाल्बोर्ग म्हणाली, "आता तुझा बरोबर ठरला, आणि माझा चुकीच्या बाजूला."

"नाही." टेक्ला म्हणाली. "त्या दिवशी डावी ती डावीच होती. एर्लांड बरोबर होता, माझा चुकला. हे मला तेव्हाच बोलायला हवं होतं."

"बोलली असतीस तर मी शिव्या घातल्या असत्या."

"घालायच्या होत्यास की. त्यानंतर तू गप्प बसलीस तेच जास्त लागलं."

वाल्बोर्ग ओल्या डोळ्यांनी हसली. "मग आता घालू?"

"आधी कॉफी पी."

त्या हिवाळ्यात वाल्बोर्ग रोज यायची. विणकाम व्हायचं, गावाची उणीदुणी निघायची, आणि वरून गाडीचा आवाज आला की दोघी शब्द अर्धवट सोडून थांबायच्या. गाडी वळणाआड झाली की दोघींपैकी एक म्हणायची, "गेला." आवाज काही थांबले नाहीत. पण टेक्ला आता दाराकडे धावत नसे.

पुढं काही वर्षांनी, बर्फ वितळायच्या दिवसांत, टेक्ला गेली. घर पुतण्याकडे आलं, तो शहरात राहणारा. चावी वाल्बोर्गकडेच राहिली. संध्याकाळ झाली की ती रस्ता ओलांडायची, थंडगार स्वयंपाकघरात कोट घालूनच बसायची.

एकदा सिक्स्टननं तिला हटकलं. "वाल्बोर्गमावशी, त्या रिकाम्या घरात काय करता हो?"

"फोल्के येतो ना या वेळेला," ती म्हणाली. "घरात कुणीतरी नको का?"