वादी कबीरच्या बंद शेगडीवरचा बीफ फ्राइड राइस

अन्याय संघमित्राताईवर झाला. यंदाच्या श्रावणातल्या दुसऱ्या सोमवारी, दुपारी साडेतीनच्या सुमारास, मस्कतमध्ये, वादी कबीरच्या एका तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये. हे आधीच लिहून टाकतो. कारण पुढचं वाचताना तुमचं सगळं लक्ष विचित्र गोष्टीकडे जाणार, आणि जिचं नुकसान झालं ती बाजूलाच राहणार. नेहमी असंच होतं.

मी असल्या गोष्टी मानत नाही. "आधी मानत नव्हतो असं लिही, वाचणाऱ्यांना बरं वाटतं" असा सल्ला एका मित्राने दिला. नाही लिहिणार. आजही मानत नाही. कॉलेजात असताना लातूरला मी बुवाबाजीविरुद्ध पत्रकं वाटली आहेत, लिंबातून रक्त कसं काढतात ते चौकात टेबल मांडून करून दाखवलं आहे. पत्रकात 'कदाचित' हा शब्द वापरायचा नाही, अशी आमची शिस्त होती. या लेखात तो आला आहे. खोडून पाहिला... निघत नाही.

संघमित्राताई माझी सख्खी मोठी बहीण. एका बांधकाम कंपनीत क्वांटिटी सर्व्हेअर. ऑफिस मस्कतमध्ये, पण उन्हाळ्यापासून आठवड्यातले तीन-चार दिवस निझव्याच्या साइटवर. मी सहम नावाच्या गावी एका कारखान्यात क्वालिटीला आहे. ताई एकटी, म्हणून तिने परब कुटुंबाकडे शेअरिंगवर एक खोली घेतली. परबभाऊ कुडाळकडचे, जवळच्याच वर्कशॉपमध्ये सुपरवायझर. वहिनी घरी असतात. किचन एकच.

ताईने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, "वहिनी, मी बीफ खाते. नंतर कळून वाद नको." (आणि हे बीफ म्हणजे काय, तर इथल्या फ्रीजरमध्ये 'प्रॉडक्ट ऑफ इंडिया' छापून येणारी म्हैस. पण ते कोण विचारतो?) वहिनी म्हणाल्या, "तुझी कढई वेगळी, तुझा कोपरा वेगळा. शुक्रवारी आम्ही भजनाला जातो तेव्हा काय ते कर. श्रावणात मात्र नाही हां, घरात मांसमच्छीच नसते." ताईने मान्य केलं. दीड वर्ष पाळलं. तापाने पडली तेव्हा वहिनींनी तिला पेज करून भरवली, हेही लिहितो. मला कुणाला राक्षस ठरवायचं नाही.

तर तो सोमवार. वहिनींचा उपास. झोपेतून उठून त्या चहा ठेवायला आल्या, तर किचनमध्ये बीफ फ्राइड राइसचा वास. साधासुधा नाही, ताईचाच. तो ओळखू येतो, कारण ताई त्यात शेवटी येसूर भुरभुरवते. येसूर म्हणजे आमच्या मराठवाड्यात मटणाच्या रश्श्याला लावतात तो भाजलेल्या धान्याचा काळपट मसाला. फ्राइड राइसमध्ये तो घालणारी बाई अख्ख्या ओमानमध्ये एकच असेल.

वहिनींनी फोन लावला. "तू घरी येऊन गेलीस काय?"

"वहिनी, मी निझव्याला आहे."

"खोटं बोलू नको माझ्याशी. आजच्या दिवशी? श्रावणी सोमवारी?"

निझवा ते वादी कबीर, जायलाच दीड तासाच्या वर. दुपारच्या सुट्टीत येऊन, बीफ शिजवून, भांडी घासून परत जायचं? ताई साइटवर होती हे तिच्याबरोबरच्या दहा माणसांनी पाहिलं होतं. पण ती संध्याकाळी परतली तेव्हा तिची कढई खाली म्युनिसिपालिटीच्या कचराडब्यात पडली होती. परबभाऊ दारातच उभे. "माझी काय हरकत नाय गो, पण घरात देव आसत. तू दुसरी खोली बघ."

रडत नाही माझी बहीण. त्या रात्री फोनवर रडली.

मी पेटलोच. परबभाऊंना साइटच्या फोटोंसकट सगळं पाठवलं. तिकडून ताईला जे उत्तर आलं ते त्याहून वाईट. "बरं, तू नव्हतीस. मग तुझ्या त्या खाण्यामुळे काहीतरी घरात शिरलां." म्हणजे बघा... आधी चोर ठरवलं. चोर नाही हे सिद्ध झाल्यावर भूत ठरवलं. निर्दोष ठरायची सोयच ठेवली नाही! आणि हे इथल्या मराठी व्हॉट्सॲप ग्रुपवर गेलं. ताईने दोन ठिकाणी खोली ठरवली होती, दोन्हीकडून निरोप आला, "सॉरी हां, गावाहून पाहुणे येतायत." कंपनी तिला राहायला जागा देत नाही, भत्ता देते. खोली मिळाली नाही तर ती नोकरी सोडून परत जाणार आहे. प्रश्न एवढा आहे. भुताचा नाही.

म्हणून मी ठरवलं, कारण शोधायचं. कारण असतंच.

इमारतीखाली एक मलबारी कॅफेटेरिया आहे. तिथे गेलो. "भाई, बीफ फ्राइड राइस बनाते हो?"

"बीफ फ्राय है, पराठा है, बिर्याणी फ्रायडे को. फ्राइड राइस नहीं."

"येसूर डालते हो किसी में?"

"वो क्या होता है? साबुन है क्या?"

वर जाऊन परबांच्या किचनमधल्या एक्झॉस्टची जाळी उघडून पाहिली. ती मागच्या मोकळ्या गल्लीत उघडते, कुणाच्या किचनला जोडलेली नाही. ड्रेनेज पाहिलं. एसी पाहिला. वरचा फ्लॅट रिकामा, खालच्यात गुजराती शाकाहारी कुटुंब. ठीक.

मग शुक्रवारी ताईला सहमला माझ्या घरी आणलं. म्हटलं, तू कर, मी शेजारी उभा राहून नाकाने पाठ करतो. येताना नवी लोखंडी कढई घेतली. ताईचा मूड नव्हता. "सुजात, मला नको वाटतंय रे. माझ्याच हाताची भीती वाटायला लागलीये."

"ताई, पत्रकं वाटायला तूच शिकवलंस मला."

"पत्रक वाटताना आपल्याला कुणी घराबाहेर काढत नव्हतं."

तरी केलं. आदल्या रात्रीचा भात, फ्रीजमध्ये उघडा ठेवून शितं मोकळी झालेला. बीफ अर्धवट गोठलेलं असतानाच तिने मांसाच्या धाग्यांना आडवं पातळ कापलं. उभं कापलं तर चामडं चावावं लागतं. त्याला चिमूटभर सोडा, कॉर्नफ्लोर, थोडा सोया सॉस. कढई धूर येईपर्यंत तापवली. आधी बीफ, दोन घास होतील एवढंच एका वेळी, म्हणजे पाणी सुटत नाही. ते काढून ठेवलं. मग लसूण. लसूण कडेने लाल झाला की अंडं, अंडं फुटलं की भात. उलथन्याने दोनदा खरवडायचं आणि एकदा कढईच्या कडेवर ठोकायचं, चिकटलेली शितं पडावीत म्हणून. खर्र, खर्र, टक्. ही तिची सवय, लहानपणी पोहे परततानाही अशीच करायची. सोया सॉस भातावर नाही, कढईच्या तापलेल्या कडेवर सोडायचा. तिथे तो जळल्यासारखा चरचरतो आणि वास पालटतो. मग बीफ परत आत, पातीचा कांदा, गॅस बंद करून येसूर.

काही झालं नाही. आम्ही जेवलो. तिने दुसऱ्यांदा घेतलं, खूप दिवसांनी. मला वाटलं, संपलं. खलास.

पुढच्या सोमवारी मी रजा टाकली आणि वादी कबीरला गेलो. श्रावण अजून चालू होता. वहिनींना म्हटलं, "तुमच्यासमोर बसतो. काही नाही आलं तर तुम्ही ग्रुपवर माफी मागायची."

"आणि आलं तर?"

"नाही येणार."

समोरच्या फ्लॅटमध्येही मराठी बाई आहेत, पुण्याच्या. नाव लिहीत नाही. त्यांना साक्षीदार म्हणून बोलावलं. त्या हसतच आल्या, "अहो, भुताला चहा विचारायचा का सरबत?" सिलिंडरचा रेग्युलेटर मी स्वतः काढून टेबलावर ठेवला. ताईचा येसुराचा डबा आणि नवी कढई सहमला माझ्या घरी, कुलुपात. खिडकी बंद. ताई निझव्याला साइटच्या केबिनमध्ये. तिला व्हिडिओ कॉल लावला आणि फोन मिक्सरला टेकवून ठेवला. तिनेही तिकडे फोन उभा करून ठेवला होता. डाव्या हाताने कसलंसं ड्रॉइंग धरून वाचत होती. मध्येच म्हणाली, "वहिनी, उपास आहे ना? खजूर तरी खा." वहिनींनी मान हलवली.

बराच वेळ काही नाही. पुण्याच्या बाई उठायच्या बेतात होत्या.

आधी आवाज आला. खर्र, खर्र, टक्.

मला वाटलं फोनमधून येतोय. फोनचा स्पीकर आणि माइक दोन्ही बंद केले. आवाज चालूच. शेगडीच्या जागेवरून, हाताच्या अंतरावरून. मग लसूण. कच्चा नाही, कडेने लाल झालेला. मग अंडं. मग तो सोया सॉसचा जळका, गोडसर भपका... ज्या क्रमाने ताईने शुक्रवारी केलं होतं, त्याच क्रमाने. उरलेल्या अन्नाचा वास एकदम येतो आणि विरतो. हा तसा नव्हता. हा पुढे पुढे सरकत होता. आमच्यासमोर कुणीतरी शिजवत होतं, आणि समोर कुणी नव्हतं.

मी बर्नरवर तळहात ठेवला. थंड. ओटा थंड. पुण्याच्या बाई म्हणाल्या, "अगं बाई, हे काळ्या मसाल्यासारखं काय?" त्यांना येसूर हा शब्दही माहीत नव्हता. वहिनी खाली फरशीवरच बसल्या. "बघितलंस? बघितलंस सुजात?" त्यांचा आवाज रागाचा नव्हता. घाबरल्या होत्या बिचाऱ्या.

आता जे लिहितो ते लिहू नये असं मला वाटत होतं. ताईच म्हणाली, लिही. अर्धं लिहिलंस तर तेही खोटंच.

मी फोनकडे पाहिलं. ताई ड्रॉइंग वाचत होती, कपाळावर आठी घालून, नेहमीसारखी. तिचा उजवा हात टेबलावर होता. तो हलत होता. मनगटातून दोनदा स्वतःकडे ओढल्यासारखा, आणि एकदा आडवा ठोकल्यासारखा. मी स्पीकर आणि माइक परत चालू केले. इकडे खर्र, खर्र, टक्. तिकडे दोनदा, एकदा. एका ठेक्यात.

"ताई," मी म्हटलं, "तुझा हात."

तिने हाताकडे पाहिलं. हात थांबला. इकडचा आवाजही थांबला. त्याच क्षणी... कदाचित अर्ध्या क्षणाने. वास मात्र बराच वेळ राहिला.

"मी काही करत नाहीये रे," ती म्हणाली. मला नाही, स्वतःच्या हाताला.

सवय असू शकते. माणसाचा हात नकळत हलतो, हे मी चौकात टेबलावर शेकडो लोकांना समजावलं आहे. पण नकळत हललेल्या हाताचा आवाज निझव्याहून वादी कबीरला ऐकू येत नाही. तीन माणसांना एकाच क्रमाने वास भासत नाही. मी डॉक्टर मित्राला विचारलं, पत्रकवाल्या जुन्या सोबत्यांना विचारलं. त्यांनी सांगितलेलं प्रत्येक कारण मी आधीच तपासलेलं होतं. ताई हल्ली उजवा हात मांडीखाली दाबून बसते. स्वयंपाक बंद केलाय. मी रोज फोन करतो आणि आधी तिचे हात दाखवायला लावतो, आणि मग स्वतःचीच लाज वाटते. माझ्याकडे स्पष्टीकरण नाही. बस्स.

पण स्पष्टीकरण नाही, म्हणजे ती दोषी आहे का? न समजलेल्या गोष्टीचं बिल दर वेळी वेगळं खाणाऱ्याच्याच नावावर का फाडायचं? वास वहिनींच्या आमटीचा आला असता तर कुणी घर सोडायला सांगितलं असतं? म्हणाले असते, पूर्वजांना घराची आठवण आली, नैवेद्य दाखवा.

परबांनी महिनाअखेरची मुदत दिली आहे. समोरच्या बाईंनी ग्रुपवर लिहिलं, "मी तिथे नव्हतेच, मला यात ओढू नका." तेव्हापासून लोक म्हणतात, भाऊ-बहिणीने मिळून नाटक केलं.

त्या इमारतीत आणखीही मराठी घरं आहेत. जिन्यात वास आला होता. "आज कोणाकडे चायनीज?" असं दुसऱ्या मजल्यावरच्या एकाने मला त्याच दुपारी विचारलं होतं. तुम्ही हा ग्रुप वाचता, मला माहीत आहे. भूत होतं म्हणू नका. नव्हतं म्हणू नका. खाली स्वतःच्या नावाने एकच वाक्य लिहा: "वास आला, तेव्हा संघमित्रा घरात नव्हती." आज लिहा, महिना संपायच्या आत.