दुपट्ट्याआड पाहिलेलं तोंड

माझा मावसभाऊ खुनाच्या खटल्यात तुरुंगात होता, आणि त्याला आत ठेवणारा साक्षीदार एकच: आमच्या केनवडकडच्या वस्तीवरचे आबा. नात्यानं कोणाचेच नाहीत, वयानं सगळ्यांचे. सोयाबीनच्या मळणीच्या दिवशी धुऱ्यावर, शेताच्या बांधापाशी, भांडण झालं, शेजारचा शेतकरी मेला. पळणाऱ्याचं तोंड आपण पाहिलं, तो माझा भाऊच होता, असं आबांच्या जबाबात होतं.

मी पत्रकं लिहिणारी. लगेच छापलं: ‘विकला गेलेला साक्षीदार!!!’ गठ्ठा घेऊन वाशीमला भावाच्या वकिलांकडे गेले. त्यांनी वाचलं आणि त्यावर चहाचा कप ठेवला.

‘हे वाटू नको, पोरी. म्हातारा खोटा नाही, चुकून राह्यला. त्याले प्रेमानं विचारा लागते.’

प्रेमानं! भाऊ आत सडतोय आणि हे प्रेमाच्या गोष्टी करून राह्यले.

साक्षीच्या दिवशी वकिलांनी खरंच सोयरीक जुळवायला आल्यासारखं विचारलं.

‘आबा, मळणीत तोंडाले काय बांधता?’

‘दुपट्टा. नाही त कुटार नाकात जाते.’

‘त्या दिवशी?’

‘समदेच बांधून होते. बिनदुपट्ट्याचा कोन राह्यते?’

‘पळणारा?’

‘तोही.’ आबा अडखळले. ‘पन शर्टावरून वयखला ना साहेब! पिवळा, बियाण्याच्या कंपनीचा.’

‘अन् आज तुमी कोणता घालून आले?’

आबांनी खाली पाहिलं. पिवळा. कंपनीनं अख्ख्या वस्तीला वाटलेला. मागच्या बाकावर आमचे आणखी तीन पिवळे बसले होते. न्यायाधीशांनी कागद जरा जास्तच वर धरले.

‘मंग तोंड?’

‘तोंड मीच मनानं लावलं असंन, साहेब.’

माझा विकला गेलेला माणूस भर कोर्टात स्वतःचीच साक्ष मोडून मोकळा झाला. पत्रकांवर आईनं आठवडाभर चूल पेटवली. राग मात्र मला अजून आहे, फक्त आबांवर नाही. जबाब लिहिणाऱ्या पोलिसाला हा एक प्रश्न सुचू नये? त्याच्या घरी कोणी मळणीच करत नाही काय?

भाऊ निर्दोष सुटला. पुढच्या हंगामात थ्रेशरपाशी तो दुपट्टा बांधू लागला, तशी आबांनी मशीनच थांबवायला लावली.

‘ए पोट्ट्या! आधी समद्यायले तोंड दाखव, मंग बांध. मले पुन्हा कोर्टात जायचं नाही!’

भावानं तोंड दाखवलं. मग आबांनी आपलंही दाखवलं.