भिंतीवर पाणी मारणारा

आमच्या कोहमारा गावात चुलतभाऊ माझ्या जागेत हातभर सरकून घर बांधू लागला, तेव्हा मी कोर्टातून स्टे आणला. बांधकाम जैसे थे. मजूर निघून गेले.

दुसऱ्या सकाळी पाहतो तर त्याचा म्हातारा मिस्त्री हजर. नाव मी कधी विचारलं नाही. दुश्मनाच्या मिस्त्रीचं नाव कशाला पाहिजे? पायजामा गुडघ्यापर्यंत गुंडाळून तो सिमेंटच्या ताज्या भिंतीवर पाइपानं पाणी मारत होता. मग त्यानं तिच्यावर ओली पोती पांघरली, कोपरे नीट खोचले आणि तळव्यानं दोनदा थोपटलं.

मी धावलो. "स्टे आहे ना? काऊन काम करून राहिले?"

"काम कुठं भाऊ? पाणी मारून राहिलो," तो म्हणाला. "भांडन तुमचं दोघाइचं. भिताडानं कोनाचं काय केलं?"

रोज तो येई आणि रोज मी खिडकीतून जळत बघे. माझं घर बांधणाऱ्या ठेकेदारानं भर उन्हाळ्यात बादलीभर पाणी मारलं नाही. आज एकेका भिंतीला भेगा आहेत. आणि भावाची अर्धवट भिंतही कुणी अशी जपावी?

शेवटी फोटो काढून गोंदियाला वकिलाकडे गेलो. म्हटलं, मिस्त्री हुकूम मोडून राहिला. वकिलानं फोटो निरखला.

"भिंत वाढली का?"

"नाही."

"मग तक्रार काय आहे तुमची?"

मी फोटो परत घेतला. त्या मिस्त्रीनं माझ्याही घराला असं थोपटावं, हा हुकूम कोणतं कोर्ट देणार?