कायमचा गोरा साहेब

राजारामपुरीतल्या एका दुकानात खोट्या मिशा चिकटवायच्या डिंकाचा वास आला आणि गारगोटीच्या बाजारातलं आमचं पथनाट्य आठवलं.

घाऱ्या डोळ्यांचे दस्तगीरचाचा इचलकरंजीत यंत्रमाग चालवायचे. नाटका-सिनेमात मात्र जन्मभर गोरा साहेबच झाले.

"मास्तर, एकदा तरी मला कामगार करा की," त्या दिवशी ते नाटक बसवणाऱ्या माझ्या बाबांना म्हणाले. "माग तर मीच चालवतोय न्हवं?"

बाबा हसले. "चाचा, ह्या तोंडाला कामगार कोण म्हणंल?"

चाचांनी साहेबाची मिशी लावली. नाटकात कामगार झालेल्या एका वकिलांनी त्यांच्यावर मूठ उगारली, तेव्हा पत्रकं वाटता वाटता मीही 'मुर्दाबाद' ओरडले, टाळ्या वाजवल्या. आज त्या टाळ्यांचा संताप येतो.

खेळ संपताच चाचा एसटीकडं पळाले. त्यांची रात्रपाळी होती. आमचे कामगार शेंगा खात, शोषणावर चर्चा करत बसले.